नांदुऱ्याला उतरताना लावायची मिशी

बाबा, तुम्ही जिवंत असताना मी पहिल्यांदा मिशी उतरवली ती एका मूकपटासाठी. बायकांची कामं तेव्हा पुरुष करत आणि माझा चेहरा अरुंद होता, एवढंच कारण. काम संपल्यावर तसाच गावी निघालो. नांदुऱ्याला कापूस घेऊन आलेला आपला शेजारी फलाटावर भेटला. बाप गेल्याशिवाय आपल्याकडे मिशी काढत नाहीत. माझ्या ओठाकडे पाहून त्यानं डोक्याचा पटका उतरवला. "केव्हा गेला रे बुढा? परवाच तं माह्यासंगं भांडला!" मी समजावून सांगेपर्यंत त्याचे डोळे भरले होते. नंतर तो इतका हसला की आपल्या पिंपळगावात माझ्या आधी ती गोष्ट पोचली. तुम्ही अंगणात उभे होता. "मी जिता आहो अन् तू मले मारून आला? लोकं हासून राह्यले. मिशी घेऊन येशील तं ये, नाही तं येऊ नको."

बायकांची कामं मिळत राहिली. दोन कामांच्या मध्ये मिशी उगवायला वेळ नसे. मी रंगपटात बसून बारीक जाळीवर केस गुंफायला शिकलो. माझ्या हातची पहिली मिशी कुठल्या भूमिकेसाठी नव्हती, घरी येण्यासाठी होती. ती पाहून चित्रपट कंपनीनं इतरांचे चेहरेही माझ्याकडे दिले. सकाळी मी लोकांना रंगवायचो, दुपारी स्वतः कॅमेऱ्यासमोर उभा राहायचो. पुढची सगळी वर्षं त्यातच गेली.

अशाच एका खेपेचं अजून दिसतं: मी ओसरीवर चहा पितो आहे. वाफेनं मिशीचं डावं टोक सुटतं. तुम्ही सुपारी कातरता आहात. वर न बघता म्हणता, "टोक दाब बे. पाव्हने येऊन राह्यले." मी दाबतो. पाहुणे येतात, जातात. मग तुम्ही पहिल्यांदा नीट पाहता. "उजवीकडं जाड झाली." मी हो म्हणतो. "तुह्या आज्याची अशीच होती," म्हणून तुम्ही उठता. माझा एकही चित्रपट तुम्ही पाहिला नाही.

तार आली तेव्हा मी रंगपटातच होतो. गाडीला निघण्याआधी सवयीनं मिशी लावली. नदीवर न्हाव्यानं डोकं केलं, मिशीला हात लावला आणि थांबला. "दादा, हे तं निघते." मी ती काढून त्याच्या हातात दिली. उघड्या ओठावरून त्यानं एकदा कोरडा वस्तरा फिरवला आणि बाजूला झाला.

त्यानंतर मी खरी मिशी वाढवली. बायकांची कामं तोवर बायका करू लागल्या होत्या, त्यामुळे कुणाचं अडलं नाही. गाडीत वऱ्हाडातलं कुणी समोर बसलं की मला वाटतं, त्यानं माझ्याकडे पाहून वडील काय करतात असं विचारावं. हे पत्र टाकायला पत्ता नाही, म्हणून लिहितो. एकदा एकानं विचारलं. शेती करतात, म्हणालो.