लिन हा शब्द बोलायचा नाही

तिसरं वर्ष, दुसरा महिना, सहावा दिवस

लाकूडतोड्यांचा मुकादम दरबारात आला होता. मध्येच अडखळला. माझं नाव लिन, म्हणजे रान. राजाचं नाव तोंडातून निघता कामा नये. बिचारा म्हणाला, "महाराज, ते... जिथं झाडं दाट असतात, तिथं वाघ आलाय." सगळे गंभीर. मला हसू येत होतं, पण एकट्यानं हसायचं कसं?

गादीवर बसल्यापासून कुणी नावानं हाक मारलेली नाही. नियम केला कारभार बघणाऱ्या शेनकाकांनी. शिक्का मात्र माझा.

अकरावा दिवस

राळ्याची पेज. एकटाच जेवलो.

बारावा दिवस

शेनकाका म्हणाले, "महाराज, पुढच्या महिन्यात सेनापतींच्या मुलीशी लग्न. त्यांची फौज हवी तर मुलगी करून घ्यावीच लागेल." मी मान हलवली.

रुओचं नाव काढलं नाही. काकांना सगळं ठाऊक आहे. चौदा वर्षं मी युनच्या राज्यात ओलीस होतो. रुओ शेजारची विणकरीण, तिथंच माझी बायको झाली. इकडे थोरला भाऊ वारला आणि काकांचा माणूस मला न्यायला आला. घोडे दोनच होते. ती म्हणाली, "तू जा. मागनं बोलावून घे."

पहिल्या वर्षी काका म्हणाले, थांबा. दुसऱ्या वर्षी मी विचारलंच नाही.

एकोणिसावा दिवस

पूर्वेच्या वेशीत एक बाई धरली. परकी. वाड्याकडे तोंड करून राजाचं नाव घेऊन ओरडत होती – तीनदा. नियमाप्रमाणे जीभ कापायची. कारकून वाचून दाखवत होता. नाव आलं तिथं नुसता थांबला.

"काम काय करते ती?" मी विचारलं.

"कापड विणते म्हणे."

दुपारी तुरुंगात गेलो. रुओच.

केस पिकलेत. तळपाय फुटलेत. मला बघून म्हणाली, "वाळलास."

"असं ओरडायचं का? ते राजाचं नाव आहे."

"मी नवऱ्याला हाक मारली. राजाशी माझं काय काम?"

"एवढ्या लांब आलीस कशी?"

"चालत." मग जरा वेळानं, "बोलावणार होतास. नाही बोलावलंस. का, ते विचारायला आले."

पहारेकरी खोकला, तसा उठलो.

विसावा दिवस

काकांना सांगितलं, ती माझी बायको आहे, सोडा तिला. ते आवाज न चढवता म्हणाले, "महाराज, बायको म्हणालात तर सेनापती आजच बिथरेल. मग ती जगत नाही, तुम्हीही नाही. एकच वाट आहे. वेड्या माणसाला शिक्षा नसते. भर दरबारात म्हणा – कुणी वेडी आहे, मी ओळखत नाही."

एकविसावा दिवस

म्हणालो.

रुओ रडली नाही. बघत राहिली. तिला बैलगाडीत घालून हद्दीकडे रवाना केलं.

माझा प्रत्येक शब्द टिपणाऱ्या म्हाताऱ्या लेखनिकाला संध्याकाळी विचारलं, "आजचं ते वाक्य खोडता येईल?"

"बोललात ना, महाराज," म्हणाला. लिहिलेल्या बांबूच्या पट्ट्या बांधून ठेवल्या.

बाविसावा दिवस

काही नाही.

तेविसावा दिवस

काकांना विचारलं, "तुमच्या मुलाला ही गादी हवीय का?"

त्यांनी उठून दार लावलं. परत येऊन बसले. म्हणाले, "महाराज, जिवंत राजा गादी सोडत नसतो."

"मग मेलेला सोडेल."

काका पहिल्यांदाच 'महाराज' न म्हणता बोलले, "घोडा कसला हवा?"

नव्या राजाचं पहिलं वर्ष, चौथा दिवस

राजधानीत आज माझी अंत्ययात्रा. पेटीत दगड भरलेत.

बैलगाडी मला नदीच्या उताराशी गाठता आली. गाडीवाल्याला परत पाठवलं. घोडा त्यालाच दिला. रुओ दहा पावलं पुढं चालतेय. अजून एक शब्द बोललेली नाही. वळण आलं की मात्र थांबते, मी दिसेपर्यंत.