शटरबाहेरचा माणूस

दि. ९ जानेवारी, सोमवार

चि. सूनबाई,

अनेक आशीर्वाद. आधी 'चि. सौ.' लिहिलं होतं. मग वाटलं तुला रुचेल की नाही, म्हणून खोडलं. खोडलेलं बरं दिसेना, म्हणून नवा कागद घेतला. असे तीन कागद गेले, तेव्हा 'चि.'वर भागवून घे. चिमणीला माझा पापा.

इकडे ठीक आहे. गुडघा कुरकुरतो, पण मशीनवर बसले की मुकाट्याने चालतो. शाळेच्या गणवेशांचं काम यंदाही मलाच मिळालं, दोनशे दहा शर्ट. मोठ्या बाई म्हणाल्या, "मावशी, पोरं शर्ट फाडतात, पण तुमची शिवण उसवत नाही." मी म्हटलं, "उसवली तर मशीन विकून टाकीन." तुला माझा ताठा माहीत आहेच. नवरा गेल्यावर त्या ताठ्यावरच पोर वाढवलं. कोणापुढे हात पसरला नाही, कोणाचं ऐकून घेतलं नाही.

निकाल तुझ्या कानावर आला असेल. चौघांनाही जन्मठेप. आपल्या पोरालाही तीच.

तो खुनाच्या दुपारी घरी होता, हे कोर्टात काही टिकलं नाही. ते राहू दे. मग वकिलांनी शेवटी एकच धरून ठेवलं: गोदामात गेले तिघे, लोखंडी हूक मुकादमाच्या हातात, घाव मुकादमाचा, माझा अशील तर बाहेर उभा होता, त्याने मयत कारकुनाला बोटही लावलं नाही. मला ते पाठच झालं होतं. दूधवाल्यापासून डॉक्टरपर्यंत ज्याला त्याला मी ऐकवत होते, "माझ्या पोराने बोट लावलेलं नाही."

न्यायाधीश वाचत होते तेव्हा मी पहिल्या बाकावर होते. आवाज अगदी साधा, हिशोबाच्या मास्तरांसारखा. म्हणाले, चौघे एकत्र आले. "आज याला जिवंत सोडायचा नाही" हे मुकादम दारातच बोलला, ते चौथ्याने ऐकलं, हूक पाहिला, आणि तरी शटर खाली ओढून त्याला पाठ लावून उभा राहिला. शटर उघडं असतं तर कारकून पळाला असता. इरादा एक असला की घाव कोणाचा हे वेगळं काढावं लागत नाही. एकाचं कृत्य ते सगळ्यांचं. त्या कारकुनाने केलं काय होतं? गोदामातून माल चोरीला जातो अशी तक्रार केली आणि मुकादमाची नोकरी गेली, एवढंच.

मला वाटलं, हा कुठला न्याय? त्याच आठवड्यात तुरुंगात भेटायला गेले. जाळीपलीकडे तो बसला होता. मी म्हटलं, "घाबरू नकोस, वर अपील करू. तू बोट लावलेलं नाहीस."

तो म्हणाला, "आई, हे आता बोलू नकोस."

"का बोलू नको? खरं आहे ते."

"तो आतून माझं नाव घेत होता. बाकीच्यांचं नाही, माझंच. 'तू तरी उघड' म्हणत होता. शटर माझ्या पाठीला लागत होतं, आणि मी पाय रोवून उभा होतो." मग जाळीत बोटं अडकवून म्हणाला, "तुझी सून वजनकाट्यावरचं काम टाकून धावत आली. उघडायला सांगत होती. मी तिला ढकललं. ती कोर्टात बोलली त्यातला एक शब्द खोटा नाही."

सूनबाई, बाहेर आल्यावर मी पायरीवर बसून राहिले. शिपाई पाणी घेऊन आला, तेही घेववेना.

आता इतका वेळ टाळलं ते लिहिते. तो तापाने घरी झोपला होता आणि मी उशाशी होते, ही गोष्ट वकिलांची नव्हे, माझी. मीच रचली. शपथ घेऊन सांगितली. आणि सरकारी वकिलांनी विचारलं, "मग सून खोटं का बोलेल?" तेव्हा मी तुझ्या चालचलणुकीवर बोलले. तू समोर बसली होतीस. नजर खाली घातली नाहीस. घरी तर तुझी बॅग मी आधीच रस्त्यावर ठेवली होती, चिमणी दुधासाठी रडत असताना.

परवा वकील अपिलाचे कागद घेऊन आले. त्यात होतं की तुमचं नवराबायकोचं पटत नव्हतं, म्हणून तू सूड उगवलास. मी खाली सही करायची. मी म्हटलं, "हे खोटं आहे. आणि तापाचंही खोटं होतं, तेही लिहून घ्या." ते म्हणाले, "मावशी, खोट्या साक्षीबद्दल तुमच्यावर खटला होऊ शकतो." म्हटलं, होऊ दे. उद्या न्यायालयात अर्ज देणार आहे. दोन मोठ्या कागदांवर माझ्याच अक्षरात लिहिलाय. अपील त्याने करावं, तो त्याचा हक्क आहे. माझ्या खोट्यावर मात्र नको. त्यालाही आज तुरुंगात जाऊन सांगितलं. तो फक्त "बरं" म्हणाला, पण दोन वर्षांत पहिल्यांदा माझ्या डोळ्यांत बघून म्हणाला.

काल समोरची काकू दारात येऊन म्हणाली, "काय बाई तुमची सून, नवऱ्याला आत घातलं!" मी मशीन थांबवली आणि चार घरांना ऐकू जाईल असं म्हटलं, "त्या दिवशी तिथे पन्नास माणसं कामाला होती. धावत गेली ती एकटी, आणि कोर्टात बोलली तीही एकटीच. ती माझी सून आहे." काकू चपला घालायला विसरून गेली. संध्याकाळी नातवाला पाठवून मागवून घेतल्या.

आयुष्यभर मी शिवणीचा ताठा मिरवला. खरा मिरवावा असा माणूस माझ्याच घरात जेवत होता, हे मला फार उशिरा कळलं.

परत ये असं म्हणणार नाही. तेवढं तोंड मला नाही. एकच मागते. चिमणी मोठी झाली की तिला कोणीतरी सांगेलच, त्याआधी तू सांग. बापाने काय केलं ते सांग. आईने काय केलं ते तर मान वर करून सांग. आणि आजीने शपथेवर काय केलं तेही सांग. मला त्यातून सोडवू नकोस. मी तिथे नव्हते, मी शटरला हात लावला नव्हता, असं मला तिच्यासमोर म्हणायचं नाही.

तुझं नाव अभिमानाने घेणारी,
तुझी सासू