काकांची आंघोळ

प्रोगो नदीकाठ, ११ नोव्हेंबर

ती. मार्सुदीकाकांना वेनिंगचा सा. न. वि. वि.

व्रतात तुम्ही फोन घेत नाही, म्हणून ड्रायव्हरच्या हाती हे पत्र. कॅमेरा पूर्णपणे माझ्याकडे असलेला हा माझा पहिला चित्रपट. दोन बहिणी नदीकाठी समोरासमोर भांडतात, असा प्रसंग आहे. थोरलीचा भाग गेल्या आठवड्यात ढगाळ प्रकाशात घेतला. मग पावसाच्या भीतीने निर्मात्या हेस्तीबाईंनी पाऊस थांबवणारा माणूस लावला. कॅमेऱ्यामागे काठीला टोचलेल्या तुमच्या त्या कांदे-मिरच्या पाहिल्यावर तो माणूस म्हणजे तुम्हीच, ते कळलं.

तेव्हापासून कडक ऊन आहे. धाकटीच्या नाकाची सावली ओठांवर पडते. उभ्या एकाच जागी, पण एकीवर ढग, दुसरीवर ऊन. शुक्रवारपर्यंत जुळलं नाही तर जाकार्ताहून अनुभवी माणूस आणू, असं हेस्तीबाई म्हणाल्या.

तुमच्या विद्येवर माझा विश्वास नाही. तरी ती कृपया थांबवावी. राग नसावा.

वेनिंग

१२ नोव्हेंबर

चि. वेनिंगला अनेक आशीर्वाद.

विश्वास नाही, तक्रार मात्र आहे! बापावर गेलीस.

काम घेतल्यापासून मी अंगाला पाणी लावलेलं नाही. तुझ्या काकूने माझं ताट ओसरीवर हलवलंय. शेळ्यासुद्धा वारा बघून बसतात, म्हणते. आंघोळ केली की व्रत सुटलं, काम संपलं. पण शब्द हेस्तीबाईंना दिलाय, तो त्यांनीच सोडवायला हवा. कॅमेऱ्याला ऊनच लागतं, अशी त्यांची समजूत. तुला ढग हवेत हे सांगितलंस का त्यांना? नसशीलच. लहानपणीही भूक लागली की तोंडाने मागायची नाहीस, नुसती भाताच्या भांड्याकडे बघायचीस.

बोल गं पोरी. काकूचीही सुटका होईल.

तुझा काका

१८ नोव्हेंबर

ती. काकांना सा. न.

बोलले. ढग हवेत, पाऊस आला तरी चालेल, काकांना मोकळं करा, एवढंच. हेस्तीबाई म्हणाल्या, अगं बाई, हे आधी बोलायला काय झालं होतं? निरोप मिळताच तुम्ही विहिरीकडे पळालात आणि काकू साबण घेऊन मागे, हे ड्रायव्हरने सगळ्यांना रंगवून सांगितलं.

शुक्रवारी दुपारी ढग आले. धाकटीचा भाग पुरा झाला, आणि पाऊस कोसळला. दोघी भिजत भांडतच राहिल्या. मी कॅमेरा थांबवला नाही. प्रसंगाचा शेवट आता तोच आहे. जाकार्ताचा विषय पुन्हा निघाला नाही. पुढच्या चित्रपटाचा कॅमेराही माझ्याकडेच आहे.

शुक्रवारचा हवामानाचा अंदाज निरभ्र आकाशाचा होता. ढगांचं कारण मी शोधते आहे. ते सापडेपर्यंत, माझं चित्रीकरण चालू असताना, मला विचारल्याशिवाय आंघोळ करू नये.

माया आहे तशीच असू द्यावी.

तुमची वेनिंग