आईच्या मांडीवरचा फोटो

प्रिय ताई,

फोनवर तू ‘असू दे रे’ म्हणून विषय मिटवलास, पण माझं भांडण संपलेलं नाही. बाबांच्या स्टुडिओतल्या निगेटिव्ह बुरशीनं खराब होत होत्या, म्हणून तू खोकीच्या खोकी त्या जुने फोटो जपणाऱ्या संग्रहवाल्यांना दिलीस. ते बरंच केलंस. पण जे मला जन्मात सांगितलं नाहीस, ते त्यांना सांगून मोकळी झालीस? परक्यांना चहा पाजून सगळी कहाणी, आणि सख्ख्या भावाला मोबाईलवर नुसती लिंक!

जेवणाच्या सुट्टीत उघडली. डावीकडे आपल्या भिंतीवरचा फोटो, तान्हा मी आईच्या मांडीवर. उजवीकडे तोच फोटो, पण खुर्चीत तू. आईची साडी गुंडाळलेली, पाय पोचत नाहीत म्हणून खाली खोकं, आणि तोंड असं की आत्ता रडशील. खाली लिहिलंय, आई बाळंतपणातच गेली. मुलाला पुढे आई दिसावी म्हणून वडिलांनी लग्नाच्या फोटोतला तिचा चेहरा कापून मुलीच्या चेहऱ्यावर चिकटवला.

म्हणजे आईनं मला कधी मांडीवर घेतलंच नाही. तरी तू मला सांगत आलीस, वर्षभर तिच्या अंगावर वाढलास म्हणून.

इथं कामगारांच्या खोलीत मी तो फोटो सगळ्यांना दाखवतो. आमचे वेल्डरकाका चिडवायचे, बाळ धरलंय की सिमेंटचं पोतं, म्हणून. मी ऐटीत सांगायचो, मी पहिल्यापासून पळपुटा, आईला ठाऊक होतं, म्हणून एवढं घट्ट धरलंय. बाबा फोटोतल्या लोकांच्या गालावरचे मुरूम घालवण्यात पटाईत, तोंड बेमालूम बदललं, पण हात तुझेच ठेवले. अंगठ्याजवळचा भाजल्याचा डागसुद्धा. आई गेल्यावर शेगडीपाशी तूच उभी राहिलीस, तेव्हाचा. त्या हातानं भरवलंस, बदडलंस, निघताना माझ्या बॅगेचा बंद सोडत नव्हतीस, आणि मला तो फोटोत ओळखू आला नाही.

गावभर फोटो काढणाऱ्याच्या घरात तुझा लहानपणीचा एकही फोटो नाही. मला फोटो आवडत नाहीत म्हणायचीस. मीही खरं मानलं.

आईचा फोटो भिंतीवरून काढू नकोस, राहू दे. त्याच्या शेजारी दुसरा खिळा ठोक. संग्रहवाल्यांकडून उजवीकडचा मोठा करून घे, आणि एक छोटी प्रत मला पाठव, खोलीत सगळ्यांना पुन्हा नीट सांगायचंय. ‘असू दे रे’ चालणार नाही, आणि फ्रेम स्वस्तातली नको. दोन हजार पाठवतोय.

तुझाच,
भिंगऱ्या