गल्लीतल्या गटारीचं टेंडर

७ जानेवारी १९९६, रविवार

टेंडरचा फॉर्म पन्नास रुपयांचा. खरी किंमत — पर्वत पाटियाच्या शाळेची कुंपणभिंत, जी या खेपेला माझ्या वाट्याची होती, आणि लीलाचा आजचा फोन.

सकाळी मंडळी चहाच्या हॉटेलात बसली. कुठलं काम कुणी घ्यायचं ते आम्ही ठेकेदार आधीच ठरवतो. बाकीचे चढ्या भावाचे फॉर्म भरून टेकू देतात. इथं सुरतेत, उधन्यात, माझ्याच दारातली उघडी गटार पाइप टाकून बंद करायची आहे. ती पाळी बन्सीलालची. मी म्हटलं, मला दे, भिंत तू घे. तो बशीतला चहा सांडेपर्यंत हसला.

"योगराज, गटारीत सोनं पुरलंय का रे?"

शेवटी त्याला खरं ते सांगितलं. चौऱ्याण्णवच्या प्लेगच्या वेळी लीला पोरीला घेऊन भावाकडे अमळनेरला गेली. रिक्षात बसताना एवढंच म्हणाली — ही गटार झाकेपर्यंत मी जयूला इथं आणणार नाही. मग ती मीच झाकणार. दुसऱ्या कुणाच्या हातची नको.

हे ठरेपर्यंत अकरा वाजून गेले. दर रविवारी दहाला ती तिथल्या किराणा दुकानात फोनपाशी येऊन उभी राहते. आजही राहिली असेल.

१० जानेवारी

दिवसभर दर काढले. कागदावर काय काढायचे, तोंडपाठ आहेत! डोक्यावर घमेली वाहत वर आलोय. सुरतेत कशाचाही भाव विचारा — रेती, पाइप, पांडेसऱ्याच्या मजुराचा रोज, ट्रकचा फेरा — झोपेत सांगेन. भाव विचारायला मला कुठल्या खिडकीत तोंड घालावं लागत नाही.

भाकरी करपली. लीला स्टोव्हला शिव्या देत पंप मारायची, तेव्हा तो बरा पेटायचा. माझ्या शिव्यांना दाद देत नाही.

१४ जानेवारी, उतराण

सगळं गाव पतंग घेऊन गच्चीवर. "काप्यो छे!" करून कान किटले. मी एसटीडीच्या काचेच्या खोक्यात, एका कानात बोट घालून.

"जयूचे पुढचे दोन्ही दात पडलेत. हसली की तोंडावर हात धरते," लीला म्हणाली. मग, "गाड्यांना हल्ली गर्दी नसते म्हणे." मी तिला नऊ इंची पाइपाचं सांगितलं, चेंबर कुठं येणार तेही. आपल्या उंबऱ्यापासून चार हातांवर!

"बरं," म्हणाली. "आणखी?"

"आणखी काय, टेंडर!"

फोन ठेवल्यावर वाटलं, तिला अजून काही बोलायचं होतं. पोरीचं बिनदाताचं हसू मी पाहिलेलं नाही. संध्याकाळी गच्चीवर गेलोच नाही.

१९ जानेवारी

कानांनी आज लाज राखली! अनामतीचा ड्राफ्ट काढायला बँकेत गेलो, तर मागे बारडोलीचा नवा ठेकेदार, भूपेंद्र, कुणाला तरी सांगतोय — "पाइप तो काकानी फॅक्टरीमांथी आवशे." म्हणजे काकाच्या कारखान्यातले पाइप, स्वस्तात. काम कुठलं? आमचीच गटार! हा आमच्या मंडळीतला नाही, कुणाची पाळी मानायचा नाही.

घरी येऊन भाव खाली आणला. तोटा अंगावर पडेल एवढा खाली. पडू दे! बन्सीलाल आणि मंडळीतल्याच धुडकूनं टेकूचे कोरे फॉर्म सही करून माझ्याकडेच दिले होते. एरवी ते दोन वेगळ्या माणसांकडून भरून घेतो. आज कुणाचाच भरवसा वाटेना — आकडा फुटला तर? तिन्ही मीच भरले. अक्षर जपून काढलं, लग्नाची पत्रिका लिहावी तसं.

२५ जानेवारी

गेलं!

लखोटे फुटले. माझा भाव सगळ्यांत खाली. मी उठून हात जोडणार, तेवढ्यात इंजिनिअरसाहेबांनी आमचे तिन्ही फॉर्म शेजारी शेजारी ठेवले आणि चष्मा पुसला. "योगराजभाई, त्रणेयना अक्षर तो सगा भाई जेवा छे!"

तिघांचं अक्षर म्हणे सख्ख्या भावांसारखं! हशा. मीही हसलो. काय करणार!

तिन्ही बाद. वर्षभर तिघांनाही फॉर्म मिळणार नाही. गटार भूपेंद्रला. जिन्यात बन्सीलालनं गाठलं — "बायको तुझी, वनवास आम्हाला!" धुडकू मला ओलांडून खाली उतरून गेला. त्याचं जास्त लागलं.

आता लीलाला काय सांगू?

२८ जानेवारी, रविवार

सांगितलं. गटार हातातून गेली म्हटलं.

"पण दुसरा कुणी बांधतोय ना?"

"हो."

"मग झालं की."

दुकानात गिऱ्हाईक असतं म्हणून ती फोनवर कायम शुद्ध बोलते. आज अहिराणीत म्हणाली — "तुम्ही लेवाले कव्हय येशात?"

न्यायला कधी येणार!

मी म्हटलं, अगं, तूच म्हणाली होतीस ना, गटार झाकेपर्यंत —

"ते तेव्हा. घाबरले होते मी. पुढं तुम्हीच दर रविवारी गटारीचा विषय काढायचात. माहेरी आलेली बाई आपली आपण पिशवी उचलून परत जाते का? वहिनी विचारते, जावई कुठंयत? काय सांगू, पाइप मोजताहेत?"

बूथवाल्यानं काचेवर टकटक केली.

२९ जानेवारी

उधना स्टेशनच्या खिडकीत अमळनेरचं भाडं विचारावं लागलं.