शनिवारचे सिनेमे आणि चौदा नंबरचा पोल

१ मार्च, शनि.
सरांकडे सिनेमा. कॉलेजात फिजिक्स शिकवून रिटायर झाल्यापासून सरांना दोनच नाद, गुलाब आणि हे भविष्यातले काळेकुट्ट सिनेमे. पांढरकवड्याच्या उन्हात गुलाब टिकले नाहीत, सिनेमे टिकले. आम्ही आठ जण, दुपारी चारला, पडदे ओढून. आजचा ‘नकाशावाला’. (खरी नावं परकी, लक्षात राहत नाहीत, मी अशीच ठेवते.) एक कारकून नकाशातून गावं पुसतो. गाव पुसलं की तिथली बस बंद, मग पत्रं बंद. मारामारी नाही, पोलीस नाही. शेवटी त्यातल्या एका गावातली मास्तरीण फळ्यावर तारीख लिहिते, गावाचं नाव लिहायला खडू उचलते, आणि तशीच उभी राहते. संपला. सगळे हळहळले. मला काही वाटलं नाही. कचोऱ्या मात्र दोन खाल्ल्या.

३ मार्च, सोम.
नवीन वही आहे तर काम एकदा लिहून ठेवते, पुढे कधी वाचली तर मलाच कळायला हवं. जंगलाच्या कडेने पोल, पोलवर कॅमेरे. फोटो मशीन बघतं आणि ठरवतं: वाघ, माणूस, गुरे, रिकामे. वाघ दिसला की पुढचा तासभर त्या भागात माणूस दिसला तर पोलवरचा भोंगा वाजतो. गुरांसाठी वाजत नाही, नाहीतर दिवसभर वाजेल. वाघिणीला पिल्लं झाल्यापासून काही पट्टा बंद आहे. बंद पट्ट्यात माणूस दिसला तर फोटो आमच्याकडे खात्रीला. आम्ही ‘होय’ म्हटलं की तो पुढे वनखात्याकडे जातो आणि नोटीस निघते. मशीनला शंका आली तरी फोटो आमच्याकडेच. आम्ही म्हणजे कंपनीची दोन माणसं, मी आणि गजूभाऊ. एक खोली, दोन स्क्रीन, एक कूलर. कूलर गजूभाऊंच्या बाजूला.
दिवसाला इतके फोटो की घरी आल्यावर भिंतीही रिकाम्या वाटतात.

११ मार्च, मंगळ.
चौदा नंबर. हा आमच्या तांड्यामागचा, बंद पट्ट्यातला पोल. सकाळी सहा दहा. मोहाखाली वाकलेलं काहीतरी, पाठीवर चादर, चेहरा नाही. मशीनने विचारलं, गुरे?
ती चादर मी दिवाळीला नेऊन दिली होती.
याडीला, म्हणजे माझ्या आईला, एक नोटीस आधीच आहे. दुसरी आली की जंगलाचा पास रद्द. मग मोह नाही, सरपण नाही, तेंदूपत्ता नाही. बा गेल्यापासून ती याच्यावरच उभी आहे, माझ्याकडे राहायला येत नाही, दोन खोल्यांत जीव गुदमरतो म्हणते.
‘होय’ दाबलं. पुढचा फोटो रोही, म्हणजे नीलगाय.

१२ मार्च
परत तीच. परत विचारलं. परत होय. मग शेजारची काकी. मग आणखी दोघी. वाकल्या की सगळ्या सारख्याच.

१४ मार्च, धुळवड
तांड्यावर. होळीची लेंगी गाणी गाऊन गाऊन बायांचे आवाज बसलेले. याडी आमच्या बंजाऱ्यांच्या गोरबोलीतच बोलते, मी इथे मराठीत उतरवते. विचारलं, मोह वेचायला अजून घोळक्याने, थाळी वाजवत जाता ना? लहानपणी मीच थाळी वाजवायची.
“आता कायची थाळी. पट्टा बंद हाय, थाळी वाजली का गार्ड येते. गुपचूप जातो, एकेक जण.”
“अन् वाघ?”
“भोंगा हाय ना. अन् तू बसली हायेस तिथं.”
पुरणपोळी वाढली तिने. मी खाल्ली. तेव्हाच काहीतरी म्हणायला हवं होतं असं आता वाटतं, पण तेव्हा पोळी गरम होती आणि मी खाल्ली.

२२ मार्च, शनि.
‘रांगवाला’. माणसं पिढ्यानपिढ्या एका रांगेत, कशासाठी कोणालाच ठाऊक नाही. रांगेतच लग्न लागतं, रांगेतच बारसं. शेवटी एक मुलगी खिडकीपाशी पोचते. आतली बाई वर न बघता विचारते, तुमच्या मागे कोण? पडदा काळा.
मागच्या आठवड्याचा मात्र भंगार होता. नायक एकटा जाऊन मशीन फोडतो, स्फोट, ढोल. मी झोपले. सर म्हणाले का झोपलीस. म्हटलं, सर, मशीन फुटलं तर दुसऱ्या दिवशी नवीन बसवायला आम्हालाच बोलावतील. फार हसले. म्हणाले, “शालिनी, पाच तारखेला तू बोल. हे सिनेमे आपल्याला का धरून ठेवतात. तू रोज यंत्रासमोर बसतेस, तुझ्याइतकं इथे कोणाला कळणार?”
हो म्हणून बसले. सरांना नाही म्हणणं जमत नाही.

२५ मार्च
बोलण्यासाठी टिपणं. चांगल्या सिनेमात कोणी “किती भयंकर” म्हणत नाही. चहा करतात, चपला शोधतात. भयंकर काय ते बघणाऱ्याने म्हणायचं. वाईट सिनेमात सगळी भीती पडद्यावरच संपते, घरी न्यायला काही उरत नाही. दुष्ट माणूस एक असला की बघणाऱ्याची सुटका होते, तो मेला की आपण मोकळे. नकाशावाल्यात दुष्ट कोणीच नाही. कारकुनाला सर्दी झालेली असते, एवढंच.
आणि आपण ज्याला सरावतो ते सिनेमा पहिल्यांदा बघितल्यासारखं दाखवतो. हे जरा पुस्तकी झालं. खोडावं.

२७ मार्च, गुरु.
हल्ली ‘गुरे?’ असं विचारणारे फोटो येतच नाहीत. गजूभाऊंना म्हटलं. ते म्हणाले, “मशीन हुशार होऊन राह्यली ना ताई. दर शनिवारी आपलेच जवाब घेऊन अभ्यास करते ते. आता तिले इचाराची गरजच नाही.”
म्हणजे मी ‘होय’ म्हणायचीही गरज नाही. सुटल्यासारखं वाटलं. खोटं कशाला लिहू.

१ एप्रिल, मंगळ.
महिन्याचा अहवाल काढायचा म्हणून चौदा नंबरची पूर्ण नोंद उघडली. एरवी आम्ही ती उघडतही नाही, जे समोर येतं तेवढंच बघतो.
शुक्रवार २८. सहा दोन: वाघीण, डावीकडून उजवीकडे. सहा चौदा: याडी, मोहाखाली वाकलेली. मशीन: गुरे. भोंगा वाजला नाही. सहा सोळा: याडी तशीच. तिच्या मागे, एक झाड सोडून दुसऱ्या झाडाशी, वाघीण बसलेली. पुढचे तीन फोटो तसेच. सहा पस्तीस: वाघीण नाही. सहा चाळीस: याडी टोपली डोक्यावर घेऊन परत.
काही झालं नाही.
याडीला फोन केला. “काय करून राह्यलीस?” “मोह वाळू घालून राह्यली. कायले?” “असंच.”
तिला माहीतच नाही. गार्डला नाही, मशीनला नाही. जगात एकट्या मला माहीत आहे आणि मी अहवाल पूर्ण करून पाठवला.

३ एप्रिल
कंपनीच्या नागपूर ऑफिसातल्या मॅडमचा फोन. आमच्याकडे शिकलेलं मशीन पंधरा तारखेपासून दुसऱ्या तालुक्यांतल्या पोलवरही बसणार. “तुमच्या उत्तरांचा सेट खूप क्लीन आहे. काही करेक्शन असेल तर पंधराला पाचच्या आत टाका, नंतर लॉक.”
करेक्शन म्हणजे जुने फोटो उघडून ‘माणूस’ म्हणायचं. ‘माणूस’ म्हटलेला प्रत्येक फोटो पुढे जातो. प्रत्येकीला नोटीस.
नाही केलं तर तिकडच्याही बाया गुरं.
भूक लागत नाही. झोप मात्र छान लागते, हे विचित्र.

५ एप्रिल, शनि.
बोलले. टिपणं पर्समध्येच राहिली. उभी राहिले आणि म्हटलं, मी एक सिनेमा सांगते, तुम्ही कोणी पाहिला नसेल. एका देशात जंगलाच्या कडेला यंत्र असतं. एक बाई त्याला उत्तरं देते. आपल्या आईला शिक्षा होऊ नये म्हणून ती म्हणते, हे जनावर आहे. यंत्र शिकतं. मग वाघ येतो तेव्हा यंत्र आईला सावध करत नाही.
 सगळे एकदम बोलायला लागले. बँकेतले काका म्हणाले, “ते बाई तर खुनी झाली.” कोणी म्हणालं, नाही, ज्याने नोटिसा काढल्या तो. कोणी म्हणालं, असं होत नसतं, यंत्र तपासायला माणसं असतात. सर खूश, “हीच ताकद! या सिनेमांत माणूस दयेपोटी चुकतो, म्हणून ते आपल्याला लागतात.” आणि मग, “शेवट काय आहे गं?”
म्हटलं, लाईट गेली होती, अर्धाच पाहिला.
टाळ्या पडल्या. सरांनी सिनेमाचं नाव लिहून मागितलं. देते म्हणाले. माझं बोलणं ऐकायला आलेले गजूभाऊ मागच्या खुर्चीत होते, त्यांनी टाळ्या वाजवल्या नाहीत.

७ एप्रिल, सोम.
दुपारी डबा खाताना गजूभाऊ वर न बघता म्हणाले, “ताई, सिनेमा कोणत्या पोलचा होता?”
“चौदा.”
त्यांनी भेंडी संपवली. मग म्हणाले, “मी बी दाबून राह्यलो. नऊ नंबर. माई बायको अन् तिची बहीण. मले वाटे मी एकटाच हाव.”
दोघांनी पंधरा दिवस एका खोलीत, एकमेकांपासून लपवून, एकच खोटं शिकवलं. एकट्याने केलं असतं तर मशीन कदाचित शिकलंही नसतं. दोघांचं जुळलं म्हणून त्याला खरं वाटलं. गजूभाऊंनी कूलर माझ्याकडे वळवला. मला थंडी वाजली, पण राहू दिला.

१० एप्रिल
गजूभाऊ म्हणतात करेक्शन टाकू. तासाभराने म्हणतात, नको टाकू. बायकोला त्यांनी जाऊ नको म्हणून सांगितलं. ती म्हणाली, मग मोह काय तुमी वेचता?

१३ एप्रिल, रवि.
तांड्यावर. सांगितलं सगळं. फोटो मोबाईलमध्ये नेले होते, नियमाविरुद्ध. याडी बाजेवर मोह पसरत होती. वाघिणीचा फोटो बराच वेळ धरून पाहिला. घाबरली नाही. म्हणाली, “कान केवढे हायेत पाह्य.” मग स्वतःचा पाहिला.
“हे मी?”
“हो.”
“मशीन काय म्हणते मले?”
सांगितलं.
“अन् तू काय म्हणालीस?”
तेही सांगितलं. शिव्या देईल वाटलं. लहानपणी शेळी सुटली तरी शेजारच्या तांड्यापर्यंत ऐकू जाईल अशा द्यायची. आज नाही दिल्या. मोह उलटवत राहिली. शेजारची काकी येऊन बसली, तिलाही तिने फोटो दाखवला. मी म्हटलं, जाऊ नका ना आता. दोघींनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू म्हणत होत्या, मोह काय वर्षभर पडतो?
निघताना याडीने विचारलं, “वाकलं नाही, उभं राह्यलं, तर मशीन माणूस म्हणते का?”
“म्हणते.”
“अन् मंग कागद.”
“हो.”
“उभ्यानं मोह वेचता येत नाही,” काकी म्हणाली. याडी उठली. वाळलेला मोह पिशवीत भरून दिला, तू खात नाहीस माहीत हाय, पण ने म्हणाली. एस.टी.त मांडीवर घेऊन बसले. रडू येईल असं वाटत होतं, आलं नाही.

१५ एप्रिल, मंगळ.
हे ऑफिसातच लिहिते आहे.
सकाळचे फोटो. चौदा नंबर, सहा आठ. सहा जणी. वाकलेल्या नाहीत. टोपल्या खाली ठेवून, पदर मागे सारून, ओळीने उभ्या. सगळ्या कॅमेऱ्याकडे बघत. काकी जरा तिरकी, तिला ऊन लागतंय. याडी मधोमध. लग्नातल्या फोटोला उभी राहते तशी, हात सरळ खाली, हसू नाही.
मशीनला शंका नाही. माणूस, सहा. खात्री करा. होय, नाही.
‘होय’ दाबलं तर सहा नोटिसा, त्यांतली याडीची दुसरी. ‘नाही’ दाबलं तर मशीन शिकेल की तोंड वर करून समोर उभी राहिली तरी ती माणूस नव्हे. आणि हे पाचला लॉक होणार.
तिने मला विचारलं नाही. सांगितलंही नाही. तिने फक्त माझी सोय केली, की आता खोटं बोलायचं तर तिच्या तोंडाकडे बघून बोलावं लागेल.
गजूभाऊ नऊ नंबरचे जुने फोटो उघडून बसलेत. अजून एकही बदललेला नाही. म्हणतात, “ताई, आधी तुमी.”
मला रडू येतं आहे. किती महिन्यांनी, आठवत नाही. स्क्रीन नीट दिसत नाही म्हणून दोनदा डोळे पुसले. चार चाळीस झाले आहेत.