संक्रांतीचा अक्रोडपाव

६ जानेवारी, मंगळवार

पाव नाही, वीट. सुरी लागेना. शेवटी कोमट दुधात बुडवून मीच दोन घास खाल्ले, बाकीचा गच्चीवर कावळ्यांना. कावळेही विचारात पडले.

पासष्टाव्या वर्षी हे उद्योग कशाला? स्पृहासाठी. माझी नात, चार वर्षांची. शेंगदाणा पोटात गेला की हिचे ओठ सुजतात, श्वास लागतो. गेल्या संक्रांतीला धायरीला त्यांच्या सोसायटीत सगळी पोरं तिळगूळ खात होती आणि ही हात मागे बांधून उभी. लाडवात दाण्याचं कूट असतंच. बेकरीचाही भरवसा नाही. अक्रोड मात्र चालतात, डॉक्टरांनी तपासून सांगितलंय. तेव्हा ठरवलं — यंदा तिला घरचा पाव, आत अक्रोड, वर तीळ.

सूनबाईंनी परवानगी दिली, पण कशी! चैताली म्हणते, "आई, दाण्याचा कणही नको हं. तुमच्याकडे सगळ्यात कूट असतं." असतं. सदाशिव पेठेत कुणाकडे नसतं? तरी कुटाचा डबा शेजारच्या निशाला देऊन टाकला, चिक्की दिली, मिक्सरचं नवीन भांडं आणलं, फडताळ साबणाने धुतलं. पस्तीस वर्षं शाळेत शिकवलंय. सूचना कळतात मला.

८ जानेवारी, गुरुवार

पीठ फुगलंच नाही. थंडी आहे. शिवाय यीस्टचं पाणी बोटाला सोसेल इतकंच कोमट हवं म्हणे, मी चहाइतकं केलं होतं. मेलं बिचारं यीस्ट. दाराच्या फटीत अक्रोड फोडताना अंगठाही चेचला.

११ जानेवारी, रविवार

फुगला! पातेलं दुपारभर गॅलरीतल्या उन्हात ठेवलं, वर जुनी शाल. पीठ हाताला फार चिकटत होतं, तर हाताला तेल लावून मळलं — मग कसं सुटसुटीत. साच्यालाही सढळ हाताने चोपडलं. कड खरपूस, आत मऊ. एकटीने अर्धा संपवला.

सलिलला फोटो पाठवला. "बेकरी टाक आता," म्हणाला. माझा मुलगा कौतुक असंच करतो.

१४ जानेवारी, बुधवार

स्वारगेटला बस मिळेना, रिक्षाने गेले. पाव मांडीवर, अजून गरम. स्पृहाने दोन काप खाल्ले, तिसरा हातात घेतला. "आजी, हा माझा एकटीचा तिळगूळ ना?" म्हटलं, हो ग बाई, तुझा एकटीचा. डोळ्यांत पाणी आलं माझ्या.

मग गोदाबाई तिला खाली खेळायला घेऊन गेल्या. नांदेडकडच्या आहेत, दिवसभर स्पृहाला त्याच सांभाळतात. जिन्यात मी त्यांना बजावलं, "खाली मुलं तिळगूळ वाटतायत. कुणाकडचं काही तोंडात जाऊ देऊ नका." त्या म्हणाल्या, "न्हाई आजी, माझं ध्यान हाय." आणि मी निघाले.

१५ जानेवारी, गुरुवार

काल घरात पाऊल टाकते तोच सलिलचा फोन. स्पृहाचे ओठ सुजले, अंगभर गांध्या, श्वास घेता येईना. दवाखान्यात इंजेक्शन दिलं. आज सकाळी सोडलं. आता बरी आहे. बरी आहे.

चैतालीने गोदाबाईंना कामावरून काढलं. त्यांनीच कुणाचा तरी तिळगूळ दिला असणार. नाही नाही म्हणून रडत होत्या म्हणे. मी फोनवर म्हटलं, "मी स्वतः बजावलं होतं. एवढं सांगूनही? कमाल आहे."

१७ जानेवारी, शनिवार

तेल संपलं म्हणून किटली घेऊन घाण्यावर गेले. दुकानातला माणूस नेहमीसारखं म्हणाला, "शेंगदाण्याचंच ना, बाई?"

तिथेच पायरीवर बसले. त्याने पाणी आणून दिलं. रिकामी किटली घेऊन परत आले.

कूट काढलं, चिक्की काढली, भांडं बदललं. आणि तेल? तेल म्हणजे तेल. आमच्याकडे आईच्या वेळेपासून घाण्याचं हेच. फोडणीला हेच, थालीपिठाला हेच. ते कशाचं, हे कधी मनातसुद्धा येत नाही. हाताला लावून मळलं मी. साच्याला चोपडलं. पोरीला माझ्याच हाताने भरवलं.

जेवले नाही.

१८ जानेवारी, रविवार

सलिलचा फोन. आज सांगायचंच, असं ठरवलं होतं. पण तोच सुरू झाला — "आई, आता बाहेरच्या कुणावर भरवसा नाही. दर शनिवार-रविवार स्पृहाला तुझ्याकडे ठेवू?"

चार वर्षं मी या वाक्याची वाट बघतेय. एक रात्रसुद्धा ती माझ्याकडे राहिलेली नाही.

"चालेल," म्हटलं. लाज कशी वाटली नाही मला! मग जाऊन सूर्यफुलाचं तेल आणलं. पातेली उकळत्या पाण्याने घासली. जणू त्याने काही फिटतं.

२० जानेवारी, मंगळवार

गोदाबाईंचा फोन आला. "आजी, तुमी एक शबुद टाका ना ताईंकडं. लेकराच्या तोंडात मी काय बी घातलं न्हाई. सोसायटीतल्या बाया आता मला कामाला उभं करंनात."

मी म्हटलं, "बघते."

बघते! काय बघणार आहे मी?

२१ जानेवारी, बुधवार

चैतालीला फोन लावला. हळदीकुंकवाला वाण काय द्यायचं, ते बोलले आणि ठेवला.

२३ जानेवारी, शुक्रवार

उद्या स्पृहाला घेऊन येणार आहेत. तिची चादर धुवून वाळत घातली. घालताना हात थांबला. मला नात मिळतेय ती दुसऱ्या बाईच्या पोटावर पाय देऊन, आणि मी चादरी धुतेय.

उद्या ते निघायच्या आत मीच धायरीला जाते. सगळं सांगते. मग ते स्पृहाला माझ्याकडे पाठवणार नाहीत. नकोच पाठवू देत. पाठवू देत. नको.

२४ जानेवारी, शनिवार

सांगितलं. सलिल स्पृहाला घेऊन खाली गेला होता. चैताली मटार सोलत होती, हात थांबले नाहीत तिचे.

"माहीत आहे, आई. दवाखान्यातून आल्यावर उरलेला पाव हुंगला होता मी."

"मग गोदाबाईंना का काढलंस?"

"सलिल कुणाला तरी धरणारच होता. त्यांना काढता येतं. तुम्हाला कसं काढणार?"

मला आधी काय वाटलं, ते निदान इथे तरी खरं लिहिते. बरं वाटलं.